निकाल हाती असताना सुलह



संसार मोडतो तेव्हा मागे दोन गोष्टी उरतात : मुले आणि हिशेब. मुलांविषयी आपण पुष्कळ बोलतो. हिशेबाविषयी मात्र मिंबरावरून क्वचितच काही ऐकू येते. मेहर दिला होता की निकाहनाम्यावर नुसताच लिहिला होता, अंगावरचे सोने कोणाकडे राहिले, इद्दतचा खर्च कोणी केला, मुलांचा निर्वाह कोण करणार, हे प्रश्न घरात सुटत नाहीत म्हणून न्यायालयात जातात. तेथे निकाल लागतो. त्या निकालाने ज्याचे समाधान होत नाही, तो वरच्या न्यायालयात अपील करतो. एक निकाल हाती घेऊन दुसऱ्या निकालाची वाट पाहणाऱ्या कुटुंबांसाठी आजचे हे चार शब्द आहेत.

आमच्या खंडाळा तालुक्यातील माणसाला ही वाट पाठ झालेली आहे. पहिला दावा तालुक्याच्या न्यायालयात. तेथील निकालाविरुद्ध जायचे तर खंबाटकीचा घाट ओलांडायचा आणि जिल्ह्याच्या न्यायालयाची पायरी चढायची. त्याही पुढे उच्च न्यायालय. अगदी अलीकडेपर्यंत त्यासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचे कामकाज कोल्हापुरात सुरू झाले. सामान्य माणसाची मोठी सोय झाली, यात शंका नाही. परंतु न्यायालय जवळ आले म्हणून दोन मने जवळ येत नाहीत, आणि तारखांमध्ये गेलेली वर्षे कोणतेही खंडपीठ परत देऊ शकत नाही.

कोकणातील एक प्रकरण पाहा. त्यातील व्यक्तींची नावे आपल्याला नकोत. बोध हवा आहे. २००५ साली निकाह झाला, २००८ साली तलाक झाला. तलाकपीडित मुस्लिम स्त्रियांसाठी १९८६ साली झालेल्या कायद्याखाली त्या भगिनीने चिपळूणच्या न्यायालयात अर्ज केला. २०१४ मध्ये तिला ४ लाख ३२ हजार रुपये द्यावेत असा आदेश झाला. प्रकरण सत्र न्यायालयात गेले. २०१७ मध्ये तेथे ती रक्कम वाढून ९ लाख झाली. पतीने उच्च न्यायालयात दाद मागितली. मधल्या काळात तिचा पुनर्विवाह झाला होता, म्हणून तिचा हक्क संपला, असे त्याचे म्हणणे होते. जानेवारी २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने ते फेटाळले. तलाकच्या वेळीच जो हक्क निर्माण झाला, तो पुढच्या निकाहने नाहीसा होत नाही, असा त्या निर्णयाचा आशय आहे.

तलाक आणि हा निर्णय यांच्यामध्ये जवळजवळ सोळा वर्षे गेली. तलाकच्या वर्षी जन्मलेले मूल एवढ्या काळात दहावीच्या वर्गात जाऊन बसते. आपला हक्क मागणाऱ्या त्या भगिनीला दोष देण्याचे काहीच कारण नाही. न्यायालयात जाणे हे पापही नाही. स्वतः प्रेषित मुहम्मद (स.) यांच्यासमोर लोक तंटे घेऊन येत आणि ते निवाडा करीत. आपल्या पतीविषयी गाऱ्हाणे घेऊन आलेल्या एका स्त्रीचे बोलणे अल्लाहने ऐकले, याची साक्ष सूरह मुजादिलाच्या आरंभीच आहे. म्हणून हक्क मागणाऱ्या स्त्रीला बेशरम म्हणणाऱ्यांनी आधी ती सूरह वाचावी. प्रश्न वेगळा आहे. हातात एक निकाल असताना, दुसरा अजून लागायचा असताना, त्या मधल्या काळात अल्लाहला आपल्याकडून काय अपेक्षित आहे?

सूरह निसाच्या १२८ व्या आयतीत पती-पत्नीच्या दुराव्याचा उल्लेख करून सुलह अधिक चांगली असल्याचे अल्लाहने सांगितले आहे. त्याच आयतीत हेही बजावले आहे की माणसाचे मन लोभाकडे ओढले जाते. सुलहला आड येणारी गोष्ट कोणती, हे आपल्या निर्मात्याने सुलहच्या शेजारीच सांगून ठेवले आहे. ती गोष्ट कायद्याची गुंतागुंत नाही, वकीलही नाही. ती आपल्या छातीत आहे.

आता दुसरी शिकवण पाहा. सहीह बुखारी आणि सहीह मुस्लिम या दोन्ही ग्रंथांत हजरत उम्मे सलमा (रजि.) यांच्याकडून आलेल्या हदीसचा आशय असा : प्रेषितांनी (स.) सांगितले की मीही एक माणूसच आहे, तुम्ही माझ्याकडे तंटे आणता, एखादा आपली बाजू दुसऱ्यापेक्षा अधिक प्रभावीपणे मांडतो आणि मी जे ऐकतो त्यावरून निवाडा करतो, तेव्हा मी जर कोणाला त्याच्या भावाच्या हक्कातील काही देऊन बसलो, तर त्याने ते घेऊ नये, कारण तो आगीचा तुकडा आहे.

वाचकहो, क्षणभर थांबून याचा विचार करा. ज्यांच्याकडे वह्य येत असे, त्यांच्या निवाड्यानेसुद्धा हराम वस्तू हलाल होत नाही. मग तालुक्याच्या, जिल्ह्याच्या किंवा राज्याच्या न्यायालयाने एखादी रक्कम ठरवली, तर तेवढ्यानेच अल्लाहकडचा हिशेब पुरा झाला, असे आपण कसे मानू? न्यायालय पुरावा पाहते. पावती, बँकेचा उतारा, साक्षीदार. जे सिद्ध झाले नाही, ते न्यायालयापुरते घडलेच नाही. परंतु पती आणि पत्नी या दोघांना सर्व ठाऊक असते. कियामतच्या दिवशी पावती मागितली जाणार नाही.

एक उदाहरण घेऊ. समजा, न्यायालयाने सर्व मिळून ६ लाख रुपये द्यावेत असा आदेश दिला. पतीने अपील केले. त्याला ही रक्कम ३ लाखांवर आणायची आहे. पत्नीनेही अपील केले. तिची मागणी ९ लाखांची आहे. पत्नीचे ८ तोळे सोने सासरच्या कपाटात राहिले. त्याची पावती नव्हती, म्हणून निकालात त्याचा उल्लेखच नाही. उलट, पत्नीच्या बाजूने दावा लिहिताना कोणीतरी सल्ला दिला की अधिक मागावे तेव्हा थोडे मिळते, म्हणून ८ तोळ्यांचे १५ तोळे लिहिले गेले. आता दोघेही अपिलाच्या तारखेला हजर राहतात. दोघेही आपापल्या परीने सत्य लपवतात, आणि दोघांनाही वाटते की आपण केवळ आपल्या हक्कासाठी लढत आहोत. सूरह बकराच्या १८८ व्या आयतीत अल्लाहने मनाई केली आहे ती याच गोष्टीची : एकमेकांची संपत्ती अन्यायाने खाऊ नका, आणि जाणूनबुजून लोकांच्या मालाचा काही भाग गिळण्यासाठी ती प्रकरणे अधिकाऱ्यांपुढे नेऊ नका.

सुलहचे खरे महत्त्व मला येथे दिसते. सुलह म्हणजे ३ आणि ९ यांच्या मधला आकडा काढणे नव्हे. न्यायालयाला जे दिसले नाही, पण आपल्याला जे ठाऊक आहे, ते देण्याची आणि जे आपले नाही ते सोडून देण्याची संधी म्हणजे सुलह. वरच्या उदाहरणातील पतीने पैशाच्या वाटाघाटीला बसण्यापूर्वी कपाट उघडून ते ८ तोळे परत करावेत. पत्नीने वाढीव ७ तोळ्यांचा शब्द मागे घ्यावा. एवढे झाले की उरलेला प्रश्न निम्मा सुटलेला असतो, कारण दोघांनीही प्रथमच एकमेकांसमोर खरे बोललेले असते.

प्रेषितांच्या (स.) काळातील एक प्रसंग या बाबतीत दिव्यासारखा आहे. हजरत कअब बिन मालिक (रजि.) यांचे एका सहाबींकडे कर्ज येणे होते. मशिदीतच त्यांनी ते मागितले. दोघांचे आवाज चढले. प्रेषित (स.) आपल्या खोलीत होते. त्यांनी पडदा बाजूला केला, कअब यांना हाक मारली आणि हाताने खूण केली की निम्मे सोडून दे. कअब म्हणाले, सोडले. लगेच प्रेषितांनी (स.) कर्जदाराला आज्ञा केली की ऊठ आणि उरलेले फेडून टाक.

या प्रसंगाचे पहिले अर्धे सर्वांच्या लक्षात राहते; दुसरे अर्धे आपण विसरतो. सोडून देण्याची विनंती ज्याचे येणे होते त्याला झाली, आणि त्याने मान्य करताच देणाऱ्याला ताबडतोब देण्याची आज्ञा झाली. आपल्या बैठकांत काय होते? मुलीकडच्यांना सांगितले जाते की काही सोडा. ते सोडतात. मग उरलेल्यासाठी दोन वर्षांचे हप्ते पाडले जातात, त्यातले दोन हप्ते येतात आणि तिसऱ्यासाठी तिला पुन्हा न्यायालयात जावे लागते. ही सुलह नव्हे. ऐपत असताना देणे लांबवणे हा जुलूम आहे, असे प्रेषितांनी (स.) स्पष्ट केले आहे. ज्याची खरोखर ऐपत नाही, त्याला सवड द्यावी, हे सूरह बकराच्या २८० व्या आयतीत आलेच आहे. आपण अडचणीत आहोत की नुसते नाखूश आहोत, हे पतीने प्रामाणिकपणे स्वतःला विचारावे.

आपल्या समाजात एक गैरसमज आहे की सुलह केली म्हणजे हार मान्य केली. हनफी फिक्हमध्ये सुलहचे तीन प्रकार मानले आहेत : समोरच्याचा दावा मान्य करून केलेली, त्यावर मौन राखून केलेली आणि दावा नाकारूनही तंटा मिटावा म्हणून केलेली. तिन्ही वैध आहेत. म्हणजे अपील करणाऱ्याने आपण खोटे होतो असे चारचौघांत कबूल करावे, ही सुलहची अट नाही. शरीअतने त्याच्या अब्रूचीही काळजी घेतली आहे. मात्र दावा खरा आहे हे ठाऊक असूनही नाकारला आणि कमी रकमेत मिटवला, तर कागदावर तंटा संपतो; अल्लाहकडे उरलेले देणे शिल्लकच राहते. समोरच्याने सर्व जाणून, राजीखुशीने माफ केले तरच ते फिटते.

सुलहलाही सीमा आहे. हलालला हराम किंवा हरामला हलाल करणारी सुलह वगळता मुसलमानांमधील सुलह वैध आहे, असा हदीसचा आशय अबू दाऊद आणि तिर्मिजी यांनी नोंदवला आहे. म्हणून तडजोडीच्या कागदावर सही करण्यापूर्वी काही गोष्टी तपासून पाहाव्यात.

पहिली गोष्ट, प्रत्येक देणे वेगळे लिहावे. मेहर वेगळा, सोने व वस्तू वेगळ्या, इद्दतचा खर्च वेगळा, निरोपाची भेट म्हणजे मताअ वेगळी, मुलांचा निर्वाह वेगळा. सर्व मिळून अमुक एक रक्कम, असे लिहिले की कोणते देणे फिटले आणि कोणते बुडाले हे कळत नाही. मेहर तर कर्जच आहे. पत्नीला सोन्याची रास दिली असली तरी तिच्यातून काही परत घेऊ नका, असा सूरह निसाच्या विसाव्या आयतीचा आदेश आहे. पत्नीने स्वतः खुला मागितला असेल तर गोष्ट निराळी. परंतु दोष पतीचा असेल तर खुल्याच्या बदल्यात काही घेणे हनफी विद्वानांनी मकरूह ठरवले आहे. मताअच्या मर्यादेविषयी विद्वानांत मतभेद आहेत. पण उदारपणे देण्यास कोणत्याही मजहबने मनाई केलेली नाही.

दुसरी गोष्ट, तिची संमती तिच्याच तोंडून यावी. साबित बिन कैस (रजि.) यांच्या पत्नी विभक्त होण्याची इच्छा घेऊन स्वतः प्रेषितांकडे (स.) आल्या, स्वतः बोलल्या. प्रेषितांनी (स.) मेहरची बाग परत करण्याविषयी त्यांनाच विचारले, त्यांच्या वडिलांना किंवा भावाला नव्हे. आपल्याकडे बैठक पुरुषांची भरते आणि बाहेर येऊन तिला सांगितले जाते की ठरले आहे. मेहर सोडणे वैध आहे ते केवळ स्त्रीने मनापासून सोडला तर, हे सूरह निसाच्या चौथ्या आयतीत आहे. बहिणीच्या लग्नाची, आईच्या आजारपणाची, समाजाच्या बोलण्याची भीती घालून घेतलेली सही मनापासूनची कशी ठरेल?

तिसरी गोष्ट, मुलांचा निर्वाह सौद्यात येत नाही. तो मुलांचा हक्क आहे. आईलाही तो विकता येत नाही. मुलांना भेटू देण्याच्या बदल्यात पैसे कमी करणे किंवा पैशांसाठी भेट अडवणे, ही दोन्ही कृत्ये मुलांवरील जुलूम आहेत.

चौथी गोष्ट, रक्कम इतकी तुटपुंजी नसावी की सुलहच्या नावाला लाज वाटावी. १९७८ साली सर्वोच्च न्यायालयापुढे मुंबईतील एक प्रकरण आले होते. तलाकनंतर तडजोडीचा हुकूमनामा झाला होता. त्यात मेहरचे ५ हजार रुपये आणि इद्दतचे १८० रुपये पोचल्याचे नमूद होते. तेवढ्यावर सर्व जबाबदारी संपली, हे न्यायालयाने मान्य केले नाही आणि त्या स्त्रीला पुढेही निर्वाहखर्च मिळाला. देशाच्या न्यायालयानेही जी तडजोड पुरेशी मानली नाही, ती घेऊन आपण अल्लाहपुढे कसे उभे राहणार?

पाचवी गोष्ट, सर्व काही लिहून न्यायालयासमोर ठेवावे. देण्याघेण्याची नोंद करण्याची आज्ञा सूरह बकराच्या २८२ व्या आयतीत आहे, आणि ती कुरआनातील सर्वांत दीर्घ आयत आहे, हे लक्षात घ्या. अपील चालू असतानाही दोन्ही पक्षांच्या सहीने लेखी तडजोड दाखल करता येते आणि न्यायालय त्याप्रमाणे हुकूमनामा करते. प्रकरण लोकअदालतीत ठेवण्याची विनंतीही करता येते. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार लोकअदालतीचा निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा असतो, त्यावर पुन्हा अपील नसते, आणि भरलेले न्यायालयीन शुल्क परत मिळते. त्याच कायद्याने प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असले तरी, विनामूल्य वकील मिळण्याचा अधिकार दिला आहे. आपल्या बहिणीला हे ठाऊक नसेल तर तिला सांगा. अज्ञानातून आलेली संमती ही संमती नव्हे.

आता मी तिघांशी स्वतंत्रपणे बोलतो.

अपील करणाऱ्या बांधवा, निकाल खरोखर चुकीचा वाटत असेल तर अपील हा तुझा अधिकार आहे. पण ती थकेल, तिच्या वडिलांचे पैसे संपतील, मग ती मिळेल तेवढ्यावर सही करेल, हा हेतू असेल तर तो तुला आणि अल्लाहला दोघांनाच ठाऊक आहे. वकिलाला, प्रवासाला, बुडालेल्या रोजंदारीला जे दिलेस ते मोज. ते मुलांच्या आईला गेले असते तर कदाचित तुझ्या मुलांनी तुझे नाव आदराने घेतले असते. निकालाची रक्कम जमवलेली असेल तर आधी ती दे, आणि मग बोलायला बस.

हक्क मागणाऱ्या भगिनी, तुझा हक्क सोडण्याचा उपदेश मी करीत नाही. सोडणे हे तुझ्या मर्जीवर आहे आणि सोडलेस तर त्याचे पुण्यही तुझेच आहे. एवढेच सांगतो की रागाचा हिशेब पैशाच्या हिशेबात मिसळू नकोस. झालेल्या अपमानाची किंमत तोळ्यांत लिहिली की खरे तोळेही संशयित ठरतात. अपमानाचा न्याय अल्लाहकडे आहे आणि तेथे विलंब असला तरी विसर नाही.

जमातीच्या जबाबदार मंडळींनो, सूरह निसाच्या ३५ व्या आयतीत पती-पत्नीच्या वादात एक पंच त्याच्या घरचा आणि एक पंच तिच्या घरचा नेमण्यास सांगितले आहे, आणि त्यांचा हेतू सुधारणेचा असावा, अशी अट घातली आहे. दोन्ही पंच एकाच्याच बाजूचे असतील तर आयतीचे पालन झाले नाही. अबू दरदा (रजि.) यांच्याकडून आलेल्या हदीसमध्ये दोघांमध्ये समेट घडवणे हे नफील रोजा, नमाज आणि सदका यांहून श्रेष्ठ ठरवले आहे. एवढा मोठा दर्जा मिळवायचा तर बैठक लवकर संपवण्याची घाई सोडावी लागेल. सही झाल्यावर आपले काम संपले असे समजू नका. शेवटचा हप्ता तिच्या हाती पडेपर्यंत तुम्ही जामीन आहात, असेच समजा.

शेवटी सूरह बकराच्या २३७ व्या आयतीकडे आपले लक्ष वेधतो. सहवासापूर्वीच तलाक झाला तर निम्मा मेहर द्यावा, असा तेथे हिशेब आहे. हिशेब सांगून अल्लाह थांबला नाही. माफ करणे हे तकव्याच्या अधिक जवळ आहे, आणि आपसातील सौजन्य विसरू नका, अशी आठवण त्याने जोडली. नाते संपत असताना, निम्म्या-अर्ध्याचा हिशेब चालू असताना सौजन्याची आठवण करून देणारा हा दीन आहे. आपल्या घरातील एखादी फाईल आज अपिलाच्या तारखेची वाट पाहत असेल, तर पुढच्या तारखेआधी ती उघडा, तिच्यात नसलेले सत्य एका कागदावर लिहून काढा, आणि समोरच्या घरी एक शहाणा माणूस पाठवा.

हे अल्लाह, आमच्या तुटलेल्या घरांतील मुलांना आई आणि बाप या दोघांचीही माया लाभू दे. दुसऱ्याचा हक्क आमच्या घरात राहिला असेल तर मृत्यूपूर्वी तो परत करण्याची बुद्धी आणि बळ आम्हांला दे. आमच्या मध्यस्थांना न्यायी कर आणि आमची मने लोभापासून वाचव. आमीन.